टँकर चालवण्याआधी


टँकरवरच्या चालक बंधूंनो,

पेट्रोल, गॅस, ॲसिड...
असा माल न्यायचा असेल,
तर ट्रकचा साधा परवाना पुरत नाही.
त्यावर धोकादायक मालाची वेगळी नोंद लागते.

त्यासाठी 3 दिवसांचं प्रशिक्षण घ्यायचं.
मग प्रमाणपत्र घेऊन आरटीओत जायचं.

एक भारतीय भाषा आणि इंग्रजी
लिहिता-वाचता यायला हवी.
ही अट मला फार मोलाची वाटते.
कारण टँकर कलंडला, गळती लागली,
तर काय करायचं,
हे केबिनमधल्या ट्रेम कार्डावर लिहिलेलं असतं.
ते वाचता आलं, तर जीव वाचतात.

पुन्हा सांगते,
साधा परवाना पुरत नाही. नोंद हवीच.

अशी नोंद असलेल्या परवान्याची मुदत 3 वर्षांची.
तुमची तारीख आजच पाहून घ्या.