नुरा कुस्ती आणि स्टुडिओतला प्रेक्षक

खासबाग मैदानात नुरा कुस्ती फार वेळ चालत नाही. दोघांनी आधीच ठरवून घेतल्याचा वास आला, की पायऱ्यांवरून हुर्यो सुरू होते. कोल्हापूरच्या प्रेक्षकाला डाव कळतो, म्हणून त्याला फसवणे अवघड.

न्यूयॉर्कमध्ये ५ डिसेंबर १९५६ रोजी भरल्या स्टुडिओसमोर नुरा झाली आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. ‘ट्वेंटी-वन’ या टीव्हीवरच्या प्रश्नांच्या खेळात हर्बर्ट स्टेम्पेलला ऑस्कर मिळालेल्या चित्रपटाचे नाव विचारले होते. ‘मार्टी’ हे उत्तर त्याला येत होते. ते त्याने मुद्दाम चुकवले. त्याचा प्रतिस्पर्धी चार्ल्स व्हॅन डोरेन याला जिंकवायचे, असे निर्मात्यांचे ठरले होते. गंमत अशी, की बाहेरून कुणी उत्तर पुरवू नये म्हणून स्पर्धकांना आवाजबंद काचेच्या खोलीत उभे करत. संशय प्रेक्षकांवर, लबाडी निर्मात्यांची! १९५९ मध्ये व्हॅन डोरेनने अमेरिकी संसदेच्या समितीपुढे कबुली दिली आणि पुढच्याच वर्षी अशी बनवाबनवी कायद्याने गुन्हा ठरली.

मग त्या प्रेक्षकांचे काम काय होते? साक्षीदाराचे. एवढ्या लोकांदेखत कोण खोटे करील, असे घरी बसलेल्याला वाटत राही, आणि तेवढ्यासाठीच त्यांना तिथे बसवलेले असे.

काही खेळांत मात्र त्यांच्या हाती निकालही होता. रेडिओवरून टीव्हीवर आलेल्या ‘क्वीन फॉर अ डे’त बायका आपली गाऱ्हाणी सांगत आणि टाळ्यांचा जोर यंत्रावर मोजला जाई. काटा जिच्यासाठी सर्वांत पुढे सरके, तिला मुकुट आणि घरसंसाराच्या वस्तू मिळत. दुःखाचाच लिलाव तो.

भारतात प्रेक्षकाला खरा मान दिला तो ३ जुलै २००० रोजी सुरू झालेल्या ‘कौन बनेगा करोडपती’ने. आता त्याचे मत ही स्पर्धकाची मदत झाली. या खेळाच्या अमेरिकी आवृत्तीत प्रेक्षकांचा कौल ९१ टक्के वेळा बरोबर आल्याची नोंद आहे. फ्रान्समध्ये मात्र पृथ्वीभोवती काय फिरते, या प्रश्नावर ५६ टक्के प्रेक्षकांनी सूर्याला मत दिले!

मराठीने वेगळीच वाट काढली. २००४ मध्ये ‘होम मिनिस्टर’ घेऊन आदेश बांदेकर थेट लोकांच्या घरी गेले. स्टुडिओ म्हणजे घरातली बैठकीची खोली, प्रेक्षक म्हणजे सासू, जाऊ आणि शेजारीण. खेळणाऱ्या वहिनींना हे सगळे रोजचे ओळखणारे. त्यांच्यापुढे कसला आव आणणार? बक्षिसाची पैठणी कुणाला मिळाली, हे गल्लीने डोळ्यांनी पाहिलेले असे.

आता हाच खेळ ‘खेळ पैठणीचा’ म्हणून मंडळांच्या आणि पुढाऱ्यांच्या मांडवात शिरला आहे. मैदानभर बायका जमतात, पण बऱ्याचदा मंचावरच्यांना खेळापेक्षा गर्दीचे अप्रूप अधिक. आयोजकांनी एवढे तरी करावे: नियम आधी जाहीर करावेत, पंच गर्दीतल्याच बायका नेमाव्यात आणि सोडतीची चिठ्ठी सर्वांदेखत उघडावी.