पियानोची पट्टी आणि गमक

बंगळूर येथे १९६४ साली ‘कर्नाटक कॉलेज ऑफ पर्कशन’ ही तालवाद्यांचे शिक्षण देणारी संस्था स्थापन झाली. मृदंगवादक टी. ए. एस. मणी हे तिचे सूत्रधार आणि त्यांच्या पत्नी आर. ए. रमामणी या गायिका. कर्नाटक संगीतात मुरलेल्या या दांपत्याचा जॅझ संगीताशी संबंध यावा, हे प्रथमदर्शनी चमत्कारिक वाटेल. तथापि अमेरिकन सॅक्सोफोनवादक चार्ली मारियानो यांनी या मंडळींसह केलेली ‘ज्योति’ ही ध्वनिमुद्रिका १९८३ साली प्रसिद्ध झाली. आणि लुई बँक्स या पियानोवादकाने रमामणींच्या गायनाला बरोबर घेऊन ‘संगम’ नावाचा वाद्यमेळ उभारला, तो युरोपात फिरवून आणला. सॅक्सोफोन हे फुंकीचे वाद्य. ओठांच्या दाबाने त्याचा सूर थोडाफार हलवता येतो. पियानोचे काय?

पियानोच्या पट्टीखालची हातोडी तारेवर एकदा आदळली, की सूर उमटतो आणि त्या क्षणापासून विरू लागतो. त्याला वर चढवता येत नाही, खाली ओढता येत नाही. कर्नाटक गायकीचा तर प्राणच गमक! महाराष्ट्राला हा वाद नवा नाही. गोविंदराव टेंबे यांच्या बोटांनी हार्मोनियमला मैफलीत मान मिळवून दिला, तरी याच दोषासाठी ती पेटी १९४० पासून १९७१ पर्यंत आकाशवाणीवर निषिद्ध होती. पियानोच्या बाबतीत आणखी एक अडचण आहे, आणि ती अधिक खोल आहे. आपल्याकडे तंबोरा षड्ज धरून बसतो, गायक त्याभोवती फिरतो. जॅझमध्ये पियानोवादकाच्या डाव्या हातातील कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारा स्वरसमूह, क्षणोक्षणी बदलत असतो. पायाचा स्वर सरकला की कानाला षड्जच सरकल्यासारखा भासतो, आणि रागाचे रूप पालटते. अशा वेळी सुज्ञ वादक डावा हात षड्ज-पंचमावर ठेवील, कॉर्डमधला गंधार वगळील आणि तो गंधार आंदोलित करण्याचे काम गायिकेच्या गळ्यावर सोडून देईल. म्हणजे आपल्या विद्येचा बराच भाग त्याला आवरून धरावा लागतो. हे वाटते तितके सोपे नाही. कारण जॅझ वादकाची सारी ऐट त्या बदलत्या कॉर्डमध्येच असते.

बँक्स यांना ही विद्या कोठे मिळाली? त्यांचा जन्म ११ फेब्रुवारी १९४१ रोजी दार्जिलिंग येथे एका नेपाळी संगीतकार घराण्यात झाला. मूळ नाव डंबर बहादूर बुढापृथी. वडील पुष्कर बहादूर हे ट्रम्पेट वाजवीत. कलकत्त्याच्या युरोपियन वाद्यवृंदांत वावरताना त्यांनी ‘जॉर्ज बँक्स’ हे नाव घेतले आणि मुलाला लुई आर्मस्ट्राँग यांचे नाव दिले. पोटासाठी नाव बदलणारे कलावंत पुष्कळ. पण मुलाच्या नावात आपले दैवत ठेवणारा हा बाप निराळाच म्हटला पाहिजे. वडिलांच्या हाताखाली शिकून लुई काठमांडूच्या हॉटेलात वाजवू लागले आणि पुढे कलकत्त्यास आले. पार्क स्ट्रीटवरच्या ‘ब्लू फॉक्स’ उपाहारगृहात पॅम क्रेन यांचे गायन, ब्राझ गोन्साल्विस या गोमंतकीय वादकाचा सॅक्सोफोन आणि बँक्स यांचा पियानो, हा योग रसिकांना लाभला. समोर जेवणाऱ्यांची ताटे वाजत असावीत आणि त्यातून कलेचा धागा न तुटू द्यावा, ही तपश्चर्याच होय.

तेथेच राहुलदेव बर्मन यांनी त्यांना ऐकले व चित्रपटाच्या ध्वनिमुद्रणासाठी बोलावले. १९७९ साली बँक्स मुंबईस स्थायिक झाले. मुंबईत जॅझचे श्रोते होते. आदल्याच वर्षी ‘जॅझ यात्रा’ हा महोत्सव सुरू झाला होता. परंतु महोत्सवावर घर चालत नाही. ते चालले चित्रपटांवर आणि जाहिरातींच्या चार ओळींच्या चालींवर. या कामाला हलके लेखणारे बँक्स यांच्यावर अन्याय करतात. १५ ऑगस्ट १९८८ रोजी दूरदर्शनवर आलेले ‘मिले सुर मेरा तुम्हारा’ आठवावे. चाल अशोक पत्की यांची, वाद्यसंयोजन बँक्स यांचे, आरंभीचा स्वर पंडित भीमसेन जोशी यांचा. भैरवीसारख्या रागिणीखाली कॉर्ड घालायच्या आणि भैरवी भैरवीच राहिली पाहिजे, हा तोच जुना प्रश्न येथे करोडो श्रोत्यांसमोर सोडवायचा होता. बँक्स यांचे आजोबा बखत बहादूर यांनी १८९९ साली नेपाळच्या राष्ट्रगीताला चाल दिली होती. ती २००६ पर्यंत त्या देशात वाजत राहिली. नातवाच्या वाट्याला दुसऱ्या देशाचे असे गीत यावे, हा योगायोग खराच.

जॅझ मात्र सुटला नाही. माइल्स डेव्हिस यांनी १९५९ साली कॉर्डची धावपळ थांबवून एकाच स्वरावलीवर रेंगाळण्याची जी रीत रुळवली, ती आपल्या आलापीला जवळची. २००८ साली त्यांच्या रचना भारतीय वादकांसह सादर करणारी ‘माइल्स फ्रॉम इंडिया’ ही ध्वनिमुद्रिका निघाली. तीत बँक्स आहेत. त्याच वर्षीच्या जॉन मॅक्लॉफ्लिन यांच्या ‘फ्लोटिंग पॉइंट’मध्येही आहेत. दोन्ही एकाच विभागात ग्रॅमी पारितोषिकासाठी नामांकित झाल्या. ८ फेब्रुवारी २००९ रोजी निकाल लागला, तेव्हा बँक्स यांचा अडुसष्टावा वाढदिवस तीन दिवसांवर होता. पारितोषिक ब्राझीलच्या संगीतावर बेतलेल्या रँडी ब्रेकर यांच्या ध्वनिमुद्रिकेला गेले.