दिवाण भास्करपंत कोल्हटकर



पोलाद कारखान्याने आपल्याला भिलाईस आणले हे खरे. परंतु छत्तीसगडात मराठ्यांचे पाऊल पडले ते १७४१ साली. नागपूरकर रघूजी भोसल्यांचे दिवाण भास्कर राम कोल्हटकर यांनी त्या वर्षी रतनपूर घेतले. तेथील हैहयवंशी राजा रघुनाथसिंह वृद्ध आणि पुत्रशोकाने खचलेला. फारसा प्रतिकार झाला नाही. या विजयाचा आम्हांस मोठासा अभिमान वाटत नाही.

बंगालचे प्रकरण निराळे. १७४२ साली पंतांनी कटव्याजवळ थाटाने दुर्गापूजा मांडली. ती पुरी होण्यापूर्वीच नवाब अलीवर्दीखानाने छापा घातला आणि पंतांना माघार घ्यावी लागली. पुढे १७४४ च्या मार्चमध्ये तहाच्या बोलण्यासाठी बोलावून नवाबाने मनकरा येथील शामियान्यात पंतांना वीसेक सरदारांसह ठार केले. १७५१ साली चौथाईचे वार्षिक बारा लक्ष रुपये ठरले. ज्या धन्यासाठी पंतांनी प्राण वेचले, त्याची मागणी पुरी झाली. पाहावयास पंत नव्हते.

हा विश्वासघात आम्ही आवेशाने सांगू लागलो, की आमचे बंगाली शेजारी शांतपणे एकच शब्द उच्चारतात : 'बर्गी'. बर्गी म्हणजे आपलेच बारगीर. त्यांनी गावे लुटली, जाळली. त्यांची धास्ती बंगाली अंगाईत अजून आहे. आम्हांस उत्तर सुचत नाही.

दरसाल दुर्गापूजेच्या मांडवात हेच गृहस्थ आम्हांस आग्रहाने प्रसाद देतात. कटव्याची ती अपुरी पूजा तेव्हा हटकून आठवते. त्यांच्यापाशी तिचा विषय काढण्याचे धैर्य मात्र आम्हांस अद्याप झालेले नाही.