फणस एका घराचा नसतो



आपला अहिल्यानगर जिल्हा ज्वारी-बाजरीचा. इथल्या स्वयंपाकघरात खोबरं म्हणजे सुकं खोबरं. ते भाजायचं, कांद्या-लसणाबरोबर वाटायचं आणि रश्शात घालायचं. अशा मुलखात ओलं खोबरं घातलेली कोवळ्या फणसाची भाजी आमच्या घरात कशी आली, ते आज सांगतो.

गोष्ट १९८० च्या आसपासची. तेव्हाच्या अहमदनगर शहरात आम्ही एका वाड्यात भाड्याने राहत होतो. शेजारी रत्नागिरीकडचे एक मास्तर राहायचे. फाल्गुनात त्यांच्या गावाहून कुणी ना कुणी यायचं आणि पोत्यातून एक-दोन कुयऱ्या आणायचं. कुयरी म्हणजे आठळी अजून कडक न झालेला कोवळा फणस. पिकलेला फणस गल्लीभर घमघमतो. कुयरीला ना वास, ना गोडी. वर काटे आणि आत चीक.

मास्तरांच्या घरातून काकूंची हाक यायची, "भाभी, विळी घेऊन या. आणि हाताला आधी तेल लावा." हा चीक पाण्याने जात नाही, नुसत्या साबणानेही जात नाही, तेलानेच सुटतो. म्हणून हाताला तेल, पात्याला तेल आणि खाली जुना पेपर. काटेरी साल जाड काढायची, मधला कडक दांडा काढायचा, फोडी लगेच पाण्यात टाकायच्या, नाहीतर काळ्या पडतात. एकटीने उरकण्यासारखं हे काम नव्हे.

अम्मी फोडी करून द्यायची आणि उठायची. पुढचं सगळं काकू करायच्या. त्यांच्या सासूबाई सोवळ्याच्या. आमच्या हातचं चिरलेलं चालायचं, शिजवलेलं चालत नसे. तसं कुणी बोलून दाखवलं नव्हतं, पण अम्मीला ते ठाऊक होतं. संध्याकाळी वाटीभर भाजी आमच्याकडे यायची. अम्मी वाटी कधी रिकामी परत करत नसे. तिच्यात साखर घालायची, नाहीतर कच्चे शेंगदाणे. शिजवलेलं काही नाही.

एका वर्षी फोडी झाल्या आणि काकू तापाने आडव्या झाल्या. चिरलेला फणस ठेवता येत नाही. अम्मी उंबऱ्यापाशी पातेलं घेऊन उभी राहिली. आतून आजींचा आवाज आला, "उभी काय राहिलीस? फोडणी टाक."

अम्मीने फोडी मीठ घालून मऊ शिजवल्या, पाणी काढून टाकलं आणि फोडी ठेचून घेतल्या. काकूंनी रात्रीच भिजत घातलेले काळे वाटाणे वेगळे शिजवले. तेलात मोहरी, हिंग, हळद, सुक्या मिरच्या. त्यावर फणस आणि वाटाणे. अर्धा किलो फोडींना सुपारीएवढा गूळ. एक वाफ आली की अर्ध्या नारळाचं खवलेलं खोबरं आणि कोथिंबीर. खवलेल्या ओल्या खोबऱ्याला काकू 'चव' म्हणायच्या. शब्द किती नेमका, हे मला कविता लिहायला लागल्यावर कळलं.

आजींनी पहिला घास खाल्ला. आम्ही सगळे त्यांच्याकडे बघत होतो. त्या म्हणाल्या, "गूळ जरा कमी पडला." आणि पुन्हा भाजी वाढून घेतली.

त्या ईदला वाटीतून शिरखुर्मा गेला. वाटी धुऊन, तिच्यात दोन नारळाच्या वड्या घालून परत आली.

पुढे वाचनात आलं की बंगालमध्ये कोवळ्या फणसाला 'गाछपाठा', म्हणजे झाडावरचा बोकड म्हणतात. केरळात फोडी ठेचून, नारळ घालून जवळजवळ हीच भाजी करतात. त्या राज्याने तर २०१८ मध्ये फणसाला राज्यफळ केलं. एवढं मोठं फळ एका घराला संपत नाही, म्हणून ते वाटावंच लागतं. त्यात कुणाचा मोठेपणा नसतो.

आजी, काकू, अम्मी आता कुणीच नाही. वाडाही नाही. बाजारात कोवळा फणस दिसला की मी घेतो, हाताला तेल लावतो आणि एकटाच चिरत बसतो. वेळ फार लागतो. मग शेजारच्या दोन दारांवर वाटी घेऊन जातो. भाजी अम्मीच्या पद्धतीचीच असते. गूळ मात्र थोडा जास्त घालतो.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)