गहाणाची खरी किंमत

(ज्ञातीच्या वार्षिक संमेलनात घोडेगाव येथे केलेले भाषण)



आजच्या संमेलनात चार शब्द बोलण्याची संधी दिल्याबद्दल मी मंडळाचा ऋणी आहे. 'ऋणी आहे' हे शब्द सभेत आपण फार सहज उच्चारतो. तेथे ना व्याज असते, ना मुदत. आज मला ज्या ऋणाविषयी बोलावयाचे आहे, ते मात्र इतके सौम्य नाही. घर किंवा जमीन गहाण ठेवून घेतलेले आणि वर्षानुवर्षे मासिक हप्त्यांनी फेडावयाचे कर्ज, हा माझा विषय आहे. मी अर्थशास्त्री नव्हे. मॅट्रिकपर्यंत शिकलेला आणि हयातभर मुलांना अंकगणित शिकविलेला मी एक शिक्षक आहे. त्यामुळे सरळव्याज आणि चक्रवाढव्याज यांच्या पलीकडचे मी काही सांगणार नाही. आणि माझी अशी खात्री आहे की, त्यापलीकडचे काही लागतही नाही.

'घर पाहावे बांधून आणि लग्न पाहावे करून' असे आपले वाडवडील म्हणत. त्या काळी घर बांधावयाचे म्हणजे एका सुगीला पाया, दुसऱ्या सुगीला भिंती आणि तिसऱ्या सुगीला माळवद, असा क्रम असे. आज आपली मुले नगर, पुणे, संभाजीनगर येथे नोकरीला आहेत. तेथे सदनिका घ्यावयाची तर पैसा एकरकमी लागतो, आणि तो बँकेवाचून मिळत नाही. गावातही जुने घर पाडून नवे बांधताना हाच मार्ग धरला जातो. यात गैर काहीच नाही. परंतु एक गोष्ट माझ्या लक्षात येते. कोणी कर्ज घेतले की सोयरेधायरे विचारतात, "हप्ता किती बसतो?" एकूण किती रुपये जाणार, हे कोणीच विचारीत नाही. बैल घेताना आपण दावणीला दहा फेऱ्या मारतो, दात पाहतो, चालवून पाहतो. घराची खरी किंमत मात्र न पाहताच आपण सही करतो.

या बाबतीत आपल्या जिल्ह्याचा इतिहास मोठा बोधप्रद आहे. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांचा उठाव झाला. तो पुढे आपल्या नगर जिल्ह्यात, पारनेर-श्रीगोंद्याकडेही पसरला. इतिहासात हे 'दख्खनचे दंगे' म्हणून प्रसिद्ध आहेत. लोकांचा मुख्य रोष होता तो कागदांवर. कर्जाची खते आणि रोखे हिसकावून घेऊन त्यांची होळी करण्यात आली. अमेरिकेतील यादवी युद्धामुळे चढलेले कापसाचे भाव युद्ध संपताच कोसळले होते आणि सरकारी साराही वाढला होता, ही कारणे खरीच. परंतु कर्ज फुगण्याची रीत समजून घेण्याजोगी आहे. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याप्रमाणे खताची मुदत तीन वर्षांची ठरली. ऋणकोचे रक्षण व्हावे हा कायद्याचा हेतू, घडले उलटेच. तीन वर्षे भरत आली की जुने खत रद्द करून नवे लिहून घेत, आणि थकलेले व्याज नव्या खतात मुद्दल म्हणून दाखल होई. समजा, शंभर रुपयांचे खत दरसाल २५ टक्के व्याजाचे आहे. तीन वर्षांनी ते १७५ रुपयांचे होते, सहा वर्षांनी सुमारे ३०६ रुपयांचे आणि नऊ वर्षांनी सुमारे ५३६ रुपयांचे. मधल्या काळात ऋणकोच्या हाती नवा पैसादेखील पडलेला नसे. वाढत असे ती केवळ मुदत.

या प्रकरणाची सरकारने चौकशी केली आणि १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा झाला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना तो प्रथम लागू झाला. त्यातील तीन गोष्टी आजही ध्यानात ठेवण्याजोग्या आहेत. पहिली अशी की, खतावर लिहिलेला आकडा न्यायालयाने अंतिम मानू नये. व्यवहाराच्या मुळापर्यंत जाऊन मुद्दल वेगळे आणि व्याज वेगळे मांडावे. दुसरी, सावकाराने पैसे घेतल्याची लेखी पावती आणि वर्षाचा हिशेब द्यावा. तिसरी, ऋणकोने मागितल्यास त्याला पासबुक द्यावे. दीडशे वर्षांपूर्वी आपल्या आजे-पणज्यांना जो हक्क मिळाला, तो आज आपण वापरतो का, हा माझा प्रश्न आहे. त्यांचा अंगठा होता. आपली सही आहे. पण कागद न वाचता केलेली सही आणि अंगठा यांत फरक तो कोणता?

आता प्रत्यक्ष हिशेब पाहू. दहा लाख रुपये, दरसाल ९ टक्के व्याज, मुदत वीस वर्षे. मासिक हप्ता ८,९९७ रुपये येतो. २४० हप्त्यांची बेरीज सुमारे २१ लाख ५९ हजार रुपये होते. म्हणजे मुद्दल दहा लाख आणि व्याज साडेअकरा लाखांहून अधिक. एक घर आपण राहावयास घेतले आणि एका घराहून अधिक किंमत व्याजात मोजली.

याहून महत्त्वाची गोष्ट हप्त्याच्या पोटात आहे. पहिल्या महिन्याच्या ८,९९७ रुपयांपैकी ७,५०० रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटते ते १,४९७ रुपयांचे. पहिल्या वर्षी आपण सुमारे १ लाख ८ हजार रुपये भरतो आणि कर्ज कमी होते ते १८,७२७ रुपयांनी. दहा वर्षे, म्हणजे निम्मी मुदत, नियमाने हप्ते भरल्यावर मनुष्याला वाटते की निम्मे कर्ज फिटले. प्रत्यक्षात १० लाख ८० हजार रुपये भरूनही ७ लाख १० हजार बाकी असतात. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजाहून मोठा होण्यास तेरावे वर्ष उजाडावे लागते. यात बँकेने कोणतीही लबाडी केलेली नसते. बाकी रकमेवर व्याज, हा साधा नियम आहे. आरंभी बाकी मोठी, म्हणून व्याज मोठे. परंतु हे ज्याला ठाऊक नसते, तो पाच-सहा वर्षांनी घर विकावयास किंवा कर्ज फेडावयास जातो आणि बाकीचा आकडा पाहून हतबुद्ध होतो.

यावरून दिसून येते की, कर्जाची किंमत व्याजाच्या दराइतकीच मुदतीवर अवलंबून आहे. तेच दहा लाख पंधरा वर्षांच्या मुदतीने घेतले तर हप्ता १०,१४३ रुपये होतो आणि एकूण व्याज सुमारे ८ लाख २६ हजार. तीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ८,०४६ रुपयांवर उतरतो. व्याज मात्र जवळजवळ १९ लाखांवर जाते. वीसच्या जागी तीस वर्षे केल्याने महिन्याकाठी हजाराच्या आत सुटका झाली आणि सव्वासात लाखांहून अधिक रुपये जादा गेले. हप्ता हलका झाला म्हणून कर्ज हलके झाले, अशी समजूत कोणी करून घेऊ नये.

दुसरा धोका तरत्या व्याजदराचा. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या अवघ्या नऊ-दहा महिन्यांत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्क्यांवरून साडेसहा टक्क्यांवर गेला. त्याबरोबर गृहकर्जाचे दरही चढले. पुष्कळांचा हप्ता तेवढाच राहिला आणि मुदत मात्र मुकाट्याने वाढली. सात टक्के दराने वीस वर्षांसाठी दहा लाख घेतले तर हप्ता ७,७५३ रुपये बसतो. समजा, आरंभीच दर ९ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर कर्ज फिटण्यास ४५८ महिने, म्हणजे ३८ वर्षे लागतील. तरुणपणी काढलेले कर्ज निवृत्तीनंतरही फिटणार नाही. जुन्या काळी खत पालटण्यासाठी ऋणकोला निदान समोर बसवीत. येथे मुदत घरबसल्या पालटते. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केला आहे की, दर बदलल्यास हप्ता व मुदत यांवर होणारा परिणाम बँकेने कर्जदारास कळवावा आणि हप्ता वाढविण्याचा किंवा मुदत वाढविण्याचा पर्याय त्याला द्यावा. असे पत्र आले तर ते खुंटीला अडकवून ठेवू नका. शक्य असेल तर हप्ता वाढवून घ्या.

तिसरी गोष्ट दराच्या शब्दाची. कोणी "९ टक्के सरसकट" म्हणाला तर सावध व्हावे. एक लाख रुपये पाच वर्षांसाठी घेतले आणि आरंभीच्या पूर्ण रकमेवर पाचही वर्षे व्याज आकारले, तर व्याज ४५ हजार आणि हप्ता २,४१७ रुपये होतो. वास्तविक मुद्दल दरमहा कमी होत असते. घटत्या बाकीवर हिशेब केला तर हाच दर सुमारे पावणेसोळा टक्के पडतो. म्हणून प्रश्न विचारावा, "व्याज घटत्या बाकीवर आहे का?" त्याचप्रमाणे विम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला जातो, तोही पाहावा. ४० हजारांचा विमा वीस वर्षांच्या कर्जात घातला तर ९ टक्क्यांनी त्याचे ८६ हजार होतात. कुटुंबासाठी विमा जरूर असावा. पण तो खिशातून भरता आल्यास बरे. १ ऑक्टोबर २०२४ पासून बँकांनी किरकोळ कर्जदारास सर्व खर्च धरून येणारा वार्षिक दर आणि हप्त्यांचे संपूर्ण कोष्टक असलेले माहितीपत्रक, त्याला समजणाऱ्या भाषेत, द्यावयाचे आहे. ते मागून घ्या आणि सही करण्यापूर्वी एक रात्र घरी ठेवा. पतसंस्थांचा कारभार सहकार खात्याकडे असतो. तेथे हे नियम तसेच्या तसे लागू समजू नयेत. त्यांचे कर्जविषयक नियम व पोटनियम मागून वाचावे.

आता उपाय. आपल्याकडे पैसा महिन्याच्या महिन्याला येत नाही. घोडेगावच्या बाजारात कांद्याला भाव मिळाला किंवा कारखान्याकडून उसाचे पेमेंट आले, की तो एकदम येतो. हा आपला दोष नसून कर्जफेडीच्या दृष्टीने गुणच आहे. वर सांगितलेल्या वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षाच्या अखेरीस एक लाख रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत सुमारे ५० महिन्यांनी कमी होते आणि निव्वळ साडेतीन लाख रुपये वाचतात. तोच लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरला तर मुदत १६ महिन्यांनीच घटते आणि वाचतात ते ४७-४८ हजार. रक्कम तीच, फरक वेळेचा. नोकरदारांनी दरमहा एक हजार रुपये जादा भरले तरी वीस वर्षांचे कर्ज साडेपंधरा वर्षांत फिटते आणि सुमारे तीन लाख वाचतात. तरत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड घेण्यास रिझर्व्ह बँकेने जून २०१२ मध्येच बँकांना मनाई केली आहे. भरताना मात्र लेखी सांगावे की, ही रक्कम मुद्दलात जमा करून मुदत कमी करावी. आणि घरात दोन-चार महिन्यांच्या खर्चाची शिल्लक ठेवूनच भरावे. एक कर्ज लवकर फेडण्यासाठी दुसरे, अधिक व्याजाचे, काढू नये.

माझे बोलणे ऐकून कोणी कर्जाला भिऊ नये. भाड्याच्या घरात वीस वर्षे राहिले तरी पैसे जातातच आणि शेवटी हाती केवळ पावत्या उरतात. आजच्या नऊ हजारांचे ओझे वीस वर्षांनी महागाईमुळे तेवढे जड राहणार नाही, हेही खरे आहे. माझे म्हणणे एवढेच की, भाडे, व्याज, दुरुस्ती हे सर्व कागदावर शेजारी-शेजारी मांडून मग निर्णय घ्यावा. लग्नाच्या मांडवासाठी घर गहाण टाकणे मात्र कोणत्याच गणिताने समर्थनीय ठरत नाही. दोन दिवसांच्या जेवणावळीचे व्याज वीस वर्षे भरावे लागते.

भगिनींना माझी विशेष विनंती आहे. आजकाल कर्जाच्या कागदावर पत्नीचीही सही घेतली जाते. सही केली की जबाबदारी आली. म्हणून हप्त्याचे कोष्टक तुम्हीही वाचले पाहिजे. भावाबंदांना भिडेखातर जामीन राहणाऱ्यांनीही हे ध्यानात घ्यावे. ऋणको थकला की तगादा जामिनाच्या दारी येतो. कर्ज फिटल्यावर सातबारा किंवा मिळकतपत्रिका यांवरील बोजा उतरविल्याखेरीज आणि मूळ कागद हाती आल्याखेरीज स्वस्थ बसू नये. कर्ज पुरते फिटल्यापासून ३० दिवसांत मूळ दस्तऐवज परत करण्याचे बंधन रिझर्व्ह बँकेने १ डिसेंबर २०२३ पासून बँकांवर घातले आहे.

शेवटी मंडळापुढे एक सूचना ठेवतो. आपल्या ज्ञातीत शिक्षक, बँकेतील नोकर आणि हिशेबनीस पुष्कळ आहेत. कोणा कुटुंबाने कर्जाचा कागद आणला तर सही करण्यापूर्वी त्याच्यासह बसून एकूण रक्कम काढून द्यावी, एवढे काम आपल्यापैकी पाच-सहा जणांनी वाटून घ्यावे. यास वर्गणी लागत नाही, इमारत लागत नाही. एक वही आणि एक तास पुरतो. माझे नाव त्या यादीत पहिले लिहावे.