दुर्सुन म्हणजे ‘राहू दे’

तुर्कस्तानात ‘दुर्सुन’ हे जुनं नाव आहे. ‘दुर्माक’ म्हणजे थांबणं. दुर्सुन म्हणजे ‘थांबू दे, राहू दे’. आधीची मुलं दगावली, की आईबाप नव्या बाळाला हे नाव देत. ‘याशार’, म्हणजे ‘जगतो’, हेही त्याच आशेचं नाव.

आपल्याकडे अशा घरांत धोंडू, दगडू म्हणत. दगडाधोंड्याकडे काळ ढुंकूनही पाहणार नाही, ही समजूत.

माझ्या कंपनीत अशाच नावाचा एक जवान होता. रोलकॉलला पोरं हसत. एकदा मीही हसलो. तो शांतपणे म्हणाला, “साहेब, माझ्याआधी तीन भावंडं गेली.” त्या दिवसापासून त्याचं नाव मी मान देऊन घेतलं. तुम्हीही हसण्याआधी नावामागची आई आठवा. जय हिंद.