मळ्यातलं झपाटलेलं घर

भयकथेतली झपाटलेली घरं दोन तऱ्हेची असतात. काहींत भूत नुसतं बिऱ्हाडाला असतं. ते गेलं की घर मोकळं. काहींत मात्र वास्तूच दुष्ट असते. ती माणूस हेरते, आत घेते आणि बाहेर पडू देत नाही. शर्ली जॅक्सन यांच्या १९५९ सालच्या ‘द हाँटिंग ऑफ हिल हाउस’ या कादंबरीतलं घर या दुसऱ्या जातीचं.

खानदेशात अशा गोष्टींना जागा मिळते ती गावाबाहेरच्या शिवारात. रावेर-यावलकडची केळीची बाग डोक्यावर जाते. आत चार पावलांपुढचं दिसत नाही, वाळलेली पानं वाऱ्यानं सळसळत राहतात. शेतीपंपाची वीज रात्रीची आली की पाणी भरायला एकट्यालाच जावं लागतं. त्यातलं भय सगळंच कल्पनेतलं नाही: २०१७ साली चाळीसगाव तालुक्यात नरभक्षक बिबट्यानं अनेक बळी घेतले. अशा बांधावर भाऊबंदकीत ओस पडलेलं एखादं घर असलं, की त्याला गोष्ट चिकटायला वेळ लागत नाही.

मराठी पडद्यावर या घराचं सर्वांत नेमकं रूप विशाल फुरिया यांच्या ‘लपाछपी’त दिसतं. हा चित्रपटही २०१७ सालचाच. उसाच्या फडातलं एकाकी घर, तिथं आसऱ्याला आलेली गरोदर नेहा आणि तिची अतिमायेनं देखभाल करणारी तुळसाबाई. पूजा सावंत आणि उषा नाईक यांनी ही कामं केली आहेत. घराचं वाईटपण कुठल्या मंत्रातंत्रातून आलेलं नाही. जन्मताच मारलेल्या मुलींचं पाप तिथं मुरलेलं आहे. चित्रपटाचं खरं बळ यातच आहे, आणि खानदेशाला तो परका वाटू नये: २०११च्या जनगणनेत जळगाव जिल्ह्यात सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलग्यांमागे ८५०हूनही कमी मुली होत्या.

कथेत दोष घराच्या माथी येतो. प्रत्यक्षात तो पुष्कळदा बाईच्या माथी मारला जातो. सातपुड्याच्या पट्ट्यात आजारपण किंवा मृत्यूचं खापर फोडून बायकांना डाकीण ठरवलं गेलं, मारहाण झाली, गाव सोडावं लागलं. राज्याच्या २०१३च्या जादूटोणाविरोधी कायद्यानं हा गुन्हा ठरवला असून त्याला सहा महिने ते सात वर्षं कैद आणि पाच ते पन्नास हजार रुपये दंड आहे.